मारिआचा पगार किती होता?

व्हित्तोरिओ डी सिकाचा ‘उंबेर्तो डी’ हा 1952 सालचा चित्रपट पुरोगामी वर्तुळांत मोठ्या आदराने पाहिला जातो, आणि तितक्याच आदराने चुकीचा वाचला जातो. रोममधील एक निवृत्त सरकारी नोकर, त्याचे महिना अठरा हजार लिरांचे निवृत्तिवेतन, घरमालकिणीची पंधरा हजारांची थकबाकी, त्याचा फ्लाइक नावाचा कुत्रा आणि हळूहळू गळ्याशी येत गेलेली नामुष्की, एवढा ऐवज सर्वांच्या लक्षात असतो. चित्रपटावर लिहिणारे हे आकडे बिनचूक सांगतात. परंतु त्याच घरात, त्याच घरमालकिणीच्या अंमलाखाली, बोळकंडीत अंथरूण टाकून झोपणारी मारिआ नावाची एक गरोदर मोलकरीण आहे. तिला महिना काय मिळत होते, हा प्रश्न या चित्रपटाचे गोडवे गाणाऱ्यांपैकी कितीजणांना पडला? म्हाताऱ्याच्या प्रत्येक लिरेचा हिशेब ठेवणाऱ्या समीक्षेला मोलकरणीच्या मजुरीचा हिशेब विचारावासाही वाटू नये, यात एक सबंध दृष्टी दडलेली आहे. ती दृष्टी केवळ प्रस्थापितांची असती तर तिच्यावर शाई खर्च करण्याचे कारण नव्हते. ती डाव्यांचीही आहे, म्हणून हा प्रपंच.

मारिआची भूमिका करणाऱ्या मुलीचे नाव मारिआ पिआ कासिलिओ. तिचा जन्म 1935 साली आब्रुत्सो प्रांतातील लाक्विला शहराजवळच्या पागानिका या गावी झाला. 2009 च्या एप्रिलमधील भूकंपाने ज्या गावाची पडझड केली, तेच हे गाव. डी सिकाने तिला निवडले तेव्हा ती सोळा वर्षांची होती आणि अभिनयाशी तिचा काहीही संबंध नव्हता. म्हाताऱ्या उंबेर्तोच्या भूमिकेसाठी डी सिकाने ज्याला उभे केले तो कार्लो बात्तिस्ती हाही नट नव्हता. तो फ्लॉरेन्स विद्यापीठात भाषाशास्त्राचा प्राध्यापक होता. हा एक चित्रपट करून बात्तिस्ती आपल्या ग्रंथांकडे परत गेला. कासिलिओला परत जाण्यासाठी विद्यापीठ नव्हते. ती चित्रपटसृष्टीत राहिली, आणि पुढली काही वर्षे मोलकरणी, खेडवळ पोरी, पाद्र्यांच्या भाच्या आणि नायकांच्या सोशिक प्रेयसी रंगवत राहिली. चित्रपटकोशांत तिची नोंद ‘सहाय्यक अभिनेत्री’ अशी होते.

हा शब्द निरुपद्रवी वाटतो, पण तो कलेच्या परिभाषेतला दिसत असला तरी वस्तुतः मजुरीच्या श्रेणीचा आहे. कारखान्यात ज्याप्रमाणे कुशल, अर्धकुशल आणि अकुशल असे दर ठरतात, त्याप्रमाणे चित्रपटाच्या धंद्यात नायिका, दुय्यम नटी आणि गर्दीतली बाई असे दर ठरतात. आणि एकदा दर ठरला की माणसाचे अंगभूत सामर्थ्य काय आहे याची चौकशी कोणी करीत नाही. कासिलिओचा दर ‘उंबेर्तो डी’मध्येच ठरला. त्या चित्रपटातली सर्वांत मोठी गोष्ट तिने केली असूनही ठरला.

ती गोष्ट कोणती, हे ज्यांनी चित्रपट पाहिला आहे त्यांना ठाऊक आहे. पहाटेची वेळ. मारिआ उठते, डोळ्यांवरची झोप पुरती उतरलेली नसताना स्वयंपाकघरात येते. काडी ओढते, गॅस पेटवते. खिडकीबाहेर नजर टाकते. भिंतीवर मुंग्यांची रांग लागली आहे, तिच्यावर पाणी मारते. कॉफीचे भांडे भरते. मध्येच पोटाकडे पाहते. मग खुर्चीवर बसून कॉफी दळायला घेते, आणि दळता दळता तिच्या डोळ्यांतून पाणी येऊ लागते. परंतु हात थांबत नाही. दार उघडे राहिले आहे, ते बसल्या जागेवरून पाय लांब करून पायाच्या बोटांनी लोटते. एकही संवाद नाही. कथा म्हणून पाहिले तर या काही मिनिटांत काहीही ‘घडत’ नाही. फ्रेंच समीक्षक आंद्रे बाझाँ याने या प्रसंगावर लिहून त्याला चित्रपटाच्या इतिहासात स्थान मिळवून दिले. पडद्यावरचा काळ आणि जगण्यातला काळ इथे एक होतो, असा त्याचा आशय होता. बाझाँचे म्हणणे खरेच आहे. पण तो काळ कोणाच्या मालकीचा, हे त्याने विचारले नाही. तो मारिआचा काळ नाही. तो घरमालकिणीने विकत घेतलेला काळ आहे, आणि मारिआला रडण्यासाठी स्वतंत्र वेळ नाही म्हणून ती कॉफी दळताना रडते. ज्याने आयुष्यात एकदाही दुसऱ्याच्या चुलीपुढे पहाट काढली आहे, त्याला हे समजण्यासाठी सौंदर्यशास्त्र लागत नाही.

सोळा वर्षांच्या मुलीने हे सारे कॅमेऱ्यापुढे करून दाखवले. ती मोलकरीण होतीच, म्हणून तिला ते जमले, असे कोणी म्हणेल तर ते साफ खोटे आहे. ती मोलकरीण नव्हती. तिला ते काम करावे लागले, शिकावे लागले, पुन्हा पुन्हा करून दाखवावे लागले. पडद्यावर श्रम दिसावेत यासाठी जो श्रम लागतो त्याचेही मूल्य असते, आणि गंमत अशी की तो श्रम जितका चांगला तितका तो नाहीसा होतो. ‘किती सहज आहे!’ अशी शाबासकी मिळते आणि मजुरीचा दर खाली राहतो.

उंबेर्तो आणि मारिआ यांचे नातेही याच डोळ्यांनी तपासले पाहिजे. म्हातारा तिच्याशी दयेने वागतो, हे कबूल. घरात त्याची विचारपूस करणारी, तो इस्पितळात पडला असता त्याला भेटायला जाणारी तीच एक. ती आपली अडचण त्याला सांगते: दिवस गेले आहेत, आणि बाप नेपल्सचा शिपाई की फ्लॉरेन्सचा शिपाई हे तिला सांगता येत नाही, घरमालकिणीला कळले की ती हाकलून देणार. यावर हा सुशिक्षित गृहस्थ तिला काय सांगतो? व्याकरण येत नाही म्हणून माणसावर असे प्रसंग येतात, असे सांगतो! तिला व्याकरणाचे धडेही देऊ पाहतो. डी सिका आणि पटकथाकार चेझारे झवात्तिनी यांनी हा प्रसंग काही थट्टेवारी लिहिलेला नाही. मध्यमवर्गीय सहानुभूतीची धाव कुठवर असते, याचे इतके नेमके चित्रण क्वचितच झाले असेल. आणि हे वाक्य उच्चारणारा इसम प्रत्यक्ष जीवनात भाषाशास्त्राचा प्राध्यापक असावा, हा योगायोग विसरू म्हटले तरी विसरवत नाही. चित्रपटाच्या शेवटाकडे म्हातारा कुत्र्याला घेऊन घर सोडतो. ट्राम पुढे निघते, खिडकीत मारिआ दिसते, आणि त्यानंतर चित्रपट तिच्याकडे वळून पाहत नाही. म्हातारा कुठे जाईल यावर रकानेच्या रकाने लिहिले गेले आहेत. पोट दिसू लागल्यावर मारिआ कुठे गेली असेल?

आता या मुलीच्या पुढच्या वाटचालीकडे येऊ. ती समजून घ्यायची तर थोडे मागे जाऊन इटलीतल्या चित्रपटधंद्याचे अर्थकारण पाहिले पाहिजे.

युद्ध संपल्यावर इटलीच्या बाजारात अमेरिकन चित्रपटांचा लोंढा आला. युद्धाच्या वर्षांत अडून राहिलेले शेकडो चित्रपट हॉलिवूडने एकदम तिथे ओतले. त्यांचा खर्च मायदेशी केव्हाच वसूल झालेला होता, त्यामुळे ते कोणत्याही भावाने विकणे परवडत होते. अर्थशास्त्रात याला ‘डंपिंग’ म्हणतात. इटालियन चित्रपट कामगार, तंत्रज्ञ, नटनट्या यांच्यावर बेकारीची पाळी आली. 1949 च्या फेब्रुवारीत रोमच्या पियात्सा देल पोपोलो या चौकात त्यांची प्रचंड सभा झाली. डी सिका आणि आन्ना मान्यानी यांच्यासारखी माणसे कामगारांच्या खांद्याला खांदा लावून उभी राहिली. मागणी सरळ होती: देशी चित्रपटधंद्याला संरक्षण द्या.

संरक्षण मिळाले. त्या वर्षाच्या डिसेंबरमध्ये जो कायदा झाला तो ज्यूलिओ आंद्रेओत्ती या तरुण ख्रिस्ती लोकशाहीवादी उपमंत्र्याच्या नावाने ओळखला जातो. चित्रपटगृहांनी वर्षाकाठी ऐंशी दिवस देशी चित्रपट दाखवलेच पाहिजेत असे बंधन आले, तिकीटविक्रीच्या प्रमाणात निर्मात्याला सरकारी अनुदान मिळू लागले, बँकेच्या कर्जाची सोय झाली. मात्र कर्ज हवे तर पटकथा आधी सरकारी कचेरीत दाखवायची. देशाची अप्रतिष्ठा होते असे वाटले तर चित्रपट परदेशी पाठवण्यात अडचण. कोणालाही तुरुंगात टाकण्याची गरज नाही, कात्री हाती धरण्याचीही फारशी गरज नाही. निर्माता हा व्यापारी असल्याने तो आपण होऊनच शहाणा होतो. कामगारांनी भाकर मागितली आणि सरकारने भाकरीला दोरी बांधून दिली. भांडवली लोकशाहीत कलेवर नियंत्रण कसे ठेवतात याचा हा वस्तुपाठ आहे, आणि राजकीय कार्यकर्त्यांनी तो सेन्सॉरच्या कात्रीपेक्षा अधिक बारकाईने अभ्यासण्याजोगा आहे.

‘उंबेर्तो डी’ पडद्यावर आला 1952 च्या जानेवारीत. पुढच्याच महिन्यात आंद्रेओत्तीने ‘लिबेर्तास’ या पक्षीय पत्रात डी सिकाला उद्देशून जाहीर लेख लिहिला. विसाव्या शतकाच्या मध्यावरचा इटली म्हणजे हाच, असा जगाचा समज झाला तर डी सिकाने आपल्या मातृभूमीची वाईट सेवा केली असे होईल; हा देश डॉन बॉस्कोचा, क्षयावर उपचार शोधणाऱ्या फोर्लानिनीचा आणि प्रगत सामाजिक कायद्यांचाही आहे, अशी त्याची तक्रार होती. प्रगत सामाजिक कायदे! मारिआच्या संदर्भात या तीन शब्दांकडे पुढे पुन्हा यावे लागेल. चित्रपट तिकीटबारीवर पडला. डी सिकाने त्यात स्वतःचे पैसे घातले होते.

आणि मग 1953 साल उजाडले, ‘पाने, आमोरे ए फांतासिया’ आला. भाकर, प्रेम आणि कल्पना, असा या नावाचा अर्थ. दिग्दर्शक लुईजी कोमेंचिनी, नायिका जीना लोलोब्रिजिदा, आणि नायक म्हणून पोलीस ठाण्याच्या रंगेल अंमलदाराच्या भूमिकेत खुद्द व्हित्तोरिओ डी सिका. पाद्र्याची भाची पाओलेत्ता हिच्या भूमिकेत मारिआ पिआ कासिलिओ. चित्रपट धो धो चालला, 1954 मध्ये बर्लिनच्या महोत्सवात त्याला रौप्य अस्वल मिळाले, आणि त्याची पुढची प्रकरणे निघत राहिली. एका वर्षापूर्वी ज्या दिग्दर्शकाने मोलकरणीचे अश्रू दाखवले तो दिग्दर्शक आणि ती ‘मोलकरीण’, दोघेही आता एकाच हसऱ्या खेड्यात रोजंदारीवर हजर होते.

हे दोन चित्रपट शेजारी शेजारी ठेवून पाहावेत. ‘उंबेर्तो डी’ची सुरुवात निवृत्तांच्या मोर्चाने होते, परवाना नाही म्हणून पोलीस जीप घालून म्हाताऱ्यांना पांगवतात. दुसऱ्या चित्रपटात पोलीस हा गावाचा लाडका, प्रेमात पडणारा, थोडासा बावळट काका. पहिल्यात भुकेने लाचार झालेला उंबेर्तो भीक मागण्यासाठी हात पुढे करतो, ओळखीची शरम वाटून तळवा उलटा करतो, जणू पाऊस पडतो आहे का ते पाहत होता. दुसऱ्यात एक गरीब इसम नुसती भाकर खात असतो; भाकरीत काय आहे असे अंमलदाराने विचारले असता तो सांगतो की आत ‘कल्पना’ आहे, आणि चित्रगृह हसते. दारिद्र्य दोन्हीकडे आहे. उघडे घर, फाटके कपडे, माणसांची रेटारेटी, खऱ्या गल्ल्या, सगळे तेच. नववास्तववादाने जो जो म्हणून माल जमवला होता तो सर्व इथे दुकानात मांडलेला दिसतो. फक्त कारणे काढून टाकली आहेत. भूक आहे, पण ती कोणामुळे नाही. इटालियन टीकाकारांनी या प्रकाराला ‘गुलाबी नववास्तववाद’ असे नाव दिले, ते नेमके आहे.

कासिलिओच्या बाबतीत हा बदल एका चेहऱ्यावर घडला. तीच गोल मुद्रा, तेच खेडवळ बुजरेपण, तीच किंचित भांबावलेली नजर. ‘उंबेर्तो डी’मध्ये ही भांबावलेली नजर म्हणजे पोटातल्या गर्भाची आणि उद्याच्या उपासमारीची भीती होती. नंतरच्या विनोदी चित्रपटांत ती नजर म्हणजे भोळेपणा ठरली, हसण्याची जागा ठरली. नटीने काही बदलले नाही. तिच्याभोवतीची पटकथा बदलली.

इतर कामांचा आढावा थोडक्यात पुरे. 1953 मध्ये फ्रेंच दिग्दर्शक मार्सेल कार्ने याने झोलाच्या कादंबरीवरून ‘तेरेज राकँ’ काढला, त्यात ती हॉटेलातली मोलकरीण जॉर्जेत. खुनाचे गुपित सांगणारे पत्र या पोरीच्या हाती असते, पाच वाजेपर्यंत धनी परतला नाही तर टपालात टाक अशी तिला सूचना असते, आणि ती बिचारी इमानेइतबारे ते टाकते. मोठ्या माणसांची शोकांतिका एका नोकराणीच्या कामसूपणामुळे पूर्ण होते. त्या पत्रात काय आहे हे तिला माहीतही नाही. डी सिकाच्याच ‘स्तात्सिओने तेर्मिनी’त, तेही 1953 चेच, ती आब्रुत्सोहून आलेली नववधू झाली. त्या चित्रपटाची गंमत पाहा. अमेरिकन निर्माता सेल्झनिक याने जेनिफर जोन्स आणि माँटगोमेरी क्लिफ्ट यांच्या प्रेमकथेसाठी पैसे घातले होते. डी सिकाला स्टेशनवरच्या साध्या माणसांत रस होता. अमेरिकेत दाखवताना सेल्झनिकने दीड तासाचा चित्रपट कापून तासाभराच्या आसपास आणला, आणि कात्री चालली ती प्रामुख्याने या येणाऱ्याजाणाऱ्या माणसांवर. दुय्यम भूमिका म्हणजे जिची किंमत आधी कापली जाते आणि वेळ आली की लांबीही कापली जाते! 1954 च्या ‘उन आमेरिकानो आ रोमा’मध्ये अमेरिकेच्या वेडाने झपाटलेल्या आल्बेर्तो सोर्दीची सोशिक प्रेयसी एल्व्हिरा तिने केली. हा विनोद मात्र बोचरा होता, आणि त्यात ती शोभलीही. दशक संपता संपता तिचे चित्रपट विरळ झाले. जुझेप्पे रिनाल्दी याच्याशी तिचे लग्न झाले. इटलीत मार्लन ब्रँडो, पॉल न्यूमन यांसारख्या अमेरिकन तारकांना ज्याचा आवाज लाभला तो हा डबिंग-कलावंत. विदेशी नायकांच्या तोंडी देशी आवाज घालणे हा त्या उद्योगात बारमाही चालणारा धंदा होता. देशी मोलकरणींची मागणी हंगामी होती. केंब्रिजच्या पिगूने आपल्या ग्रंथात जे कोडे घातले आहे, की कोणी गृहस्थाने आपल्या घरकामवालीशी लग्न केले तर काम तेवढेच राहूनही राष्ट्रीय उत्पन्न घटते, त्याची इथे आठवण होते. पण तो विषय स्वतंत्र आहे.

या मांडणीवर तीन प्रकारचे आक्षेप घेतले जातील.

पहिला आक्षेप लोकरुचीचा. लोकांना हसायचे होते, त्यांनी ‘उंबेर्तो डी’ नाकारला आणि गुलाबी चित्रपट उचलून धरले. याला सरकार काय करील? हा युक्तिवाद फसवा आहे, पण तो झटकून टाकण्यासारखाही नाही. 1955 साली इटलीत सुमारे 81 कोटी 90 लाख तिकिटे विकली गेली. ही गर्दी श्रमजीवींची होती, आणि आठवड्याच्या कष्टानंतर दोन तास हसायला जाणाऱ्या कामगाराला नावे ठेवणे हा पुस्तकी डाव्यांचा रोग आहे. प्रश्न त्याने काय निवडले हा नाही. त्याच्यापुढे काय मांडले गेले हा आहे. ज्या बाजारात एका प्रकारच्या मालाला कर्ज, अनुदान आणि निर्यात यांचे दरवाजे खुले आहेत आणि दुसऱ्या प्रकारच्या मालावर मंत्री जाहीर पत्रे लिहितो, त्या बाजारातल्या विक्रीला ‘लोकरुची’ म्हणणे हे अर्थशास्त्र नव्हे, ही जाहिरात आहे. शिवाय हसवणाऱ्या चित्रपटांत नोकरमाणसाला मोठी जागा मिळू शकते हेही खरेच. कोमेंचिनीच्या याच मालिकेत अंमलदाराची घरकामवाली कारामेल्ला करणाऱ्या तीना पीका या नेपल्सच्या वृद्ध नटीने दुसऱ्या भागासाठी 1955 मध्ये सहाय्यक अभिनेत्रीचे रौप्यफीत पारितोषिक मिळवले, आणि ते योग्यच होते. तिच्या तोंडी उलट उत्तर होते. मारिआच्या जातीच्या पोरींना उलट उत्तर लिहून देणारा मात्र कोणी भेटला नाही.

दुसरा आक्षेप नैतिक स्वरूपाचा असतो, आणि तो बहुधा मित्रांकडून येतो. डी सिकाने रस्त्यावरची माणसे उचलली, वापरली आणि टाकून दिली, असे ते म्हणतात. ‘बायसिकल थीव्ह्ज’चा नायक लाम्बेर्तो माज्जोरानी हा ब्रेदा कारखान्यातला कामगार होता, चित्रपटानंतर तो कामावर परतला आणि पुढे कपातीत त्याची नोकरी गेली. उदाहरण खरे आहे आणि हृदयद्रावकही आहे. पण यातून दिग्दर्शकाच्या सदसद्विवेकबुद्धीची झडती घेणे म्हणजे मूळ प्रश्न सोडून देणे होय. बात्तिस्तीला विद्यापीठाने पोसले. माज्जोरानीला कारखान्याने टाकले. कासिलिओला बाजाराने ठेवून घेतले, पण ठरावीक दरावर आणि ठरावीक साच्यात. तिघेही एकाच दिग्दर्शकाचे ‘अव्यवसायी’ कलावंत होते. तिघांच्या नशिबातला फरक त्यांच्या वर्गस्थितीतून येतो. डी सिका संत असता तरी तो मिटला नसता. तो तर स्वतःच कर्ज फेडण्यासाठी पोलिसाचा गणवेश चढवून उभा होता!

तिसरा आक्षेप खुद्द डाव्या समीक्षेचा, आणि हा सर्वांत महत्त्वाचा. ग्वीदो आरिस्तार्को आणि त्याचे ‘चिनेमा नुओव्हो’ हे नियतकालिक यांनी इटालियन चित्रपटाची केलेली सेवा कोणी नाकारणार नाही. 1953 च्या सप्टेंबरमध्ये आरिस्तार्को आणि रेन्झो रेन्झी यांना, ग्रीसवरील इटालियन कब्जाविषयीचा एक चित्रपट-आराखडा छापला एवढ्यासाठी, लष्करी न्यायालयापुढे उभे करून तुरुंगात टाकले गेले. ही माणसे कचखाऊ नव्हती. पण त्यांची सौंदर्यदृष्टी लुकाचकडून आलेली होती, आणि तीत ‘कथन’ श्रेष्ठ व ‘वर्णन’ कनिष्ठ अशी उतरंड होती. नववास्तववाद दैनंदिन तपशिलांच्या वर्णनात अडकला आहे, त्याने इतिहासाच्या कथनाकडे, म्हणजे खऱ्या वास्तववादाकडे गेले पाहिजे, असा त्यांचा आग्रह. 1954 मध्ये व्हिस्कोंतीचा ‘सेन्सो’ आला आणि हा आग्रह सफळ झाला असे त्यांनी घोषित केले. ‘सेन्सो’ हा भव्य चित्रपट आहे यात वाद नाही. तथापि त्याची नायिका कोण? एका ऑस्ट्रियन अधिकाऱ्याच्या प्रेमापायी स्वातंत्र्यलढ्याचा पैसा उधळणारी व्हेनिसची सरदारपत्नी! म्हणजे सरदारपत्नीचा विश्वासघात हा इतिहास, आणि मोलकरणीची पहाट हे वर्णन. चूल पेटवणे, मुंग्या मारणे, कॉफी दळणे यांना ‘तपशील’ म्हणून बाजूला सारणाऱ्या या सिद्धान्तात आणि घरकामाला ‘काम’च न मानणाऱ्या राष्ट्रीय उत्पन्नाच्या कोष्टकात फरक काय राहिला? झवात्तिनीला हे कळत होते. एखादी बाई जोडा विकत घ्यायला जाते, एवढ्या प्रसंगातून सबंध चित्रपट निघू शकतो, कारण ते पैसे कुठून आले, दुकानदाराला त्यातले किती मिळतात, जोडा कोणी शिवला, असे विचारत गेले की सारा समाज उलगडतो, असे तो 1952-53 च्या सुमारास सांगत होता. हा विचार अर्थशास्त्राच्या वर्गात शिकवावा इतका पक्का आहे. आंद्रेओत्तीला त्याचा धोका कळला. डाव्या समीक्षकांना मात्र त्यात उंचीचा अभाव दिसला.

आपल्याकडेही हा वारसा याच उतरंडीसह आला. 1952 च्या जानेवारीत मुंबईत पहिला आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सव भरला आणि ‘बायसिकल थीव्ह्ज’ने इथल्या दिग्दर्शकांना हलवून सोडले, पुढच्या वर्षी बिमल रॉय यांचा ‘दो बीघा जमीन’ आला. कर्जात बुडालेला बाप, त्याचा मुलगा आणि निर्दय शहर, हे सूत्र भारतीय चित्रपटाने आत्मसात केले आणि चांगले वापरले. पहाटे दुसऱ्याच्या घरी चूल पेटवणारी पोर मात्र नायकाच्या मागे उभी राहिली ती राहिलीच.

आता त्या ‘प्रगत सामाजिक कायद्यां’कडे. श्रमावर आधारलेले लोकशाही प्रजासत्ताक, असे इटलीच्या राज्यघटनेचे पहिलेच कलम 1948 पासून सांगते. 1950 च्या ऑगस्टमध्ये गरोदर कामगार स्त्रियांच्या संरक्षणाचा कायदा तिथे मंजूर झाला. साम्यवादी कार्यकर्त्या तेरेसा नोचे यांनी त्यासाठी वर्षानुवर्षे झगडा दिला होता. गरोदरपणात कामावरून काढता येणार नाही, ही त्यातली कळीची तरतूद. ती घरकाम करणाऱ्या बायकांना लागू झाली नाही. म्हणजे 1952 साली आंद्रेओत्ती ज्या कायद्यांकडे बोट दाखवत होता, त्या कायद्यांनुसारच घरमालकिणीला मारिआला हाकलून देण्याची मुभा होती. चित्रपटाने देशाची बदनामी केली नव्हती. त्याने कायद्यातली फट दाखवली होती, आणि तीही आरडाओरडा न करता.

घरकामाच्या नोकरीचे नियमन करणारा स्वतंत्र कायदा इटलीत 1958 च्या एप्रिलमध्ये झाला. घरकामगारांना सामूहिक करार करता येऊ नये असे फॅसिस्ट काळातल्या दिवाणी संहितेत कलम होते. ते प्रजासत्ताकातही टिकून राहिले आणि घटना-न्यायालयाने 1969 मध्ये ते अवैध ठरवले. पहिला राष्ट्रीय सामूहिक करार झाला 1974 साली. तोवर कासिलिओ चाळिशीकडे झुकली होती, आणि ‘उंबेर्तो डी’तल्या मारिआचे मूल, जन्माला आले असेल तर, बावीस वर्षांचे झाले असते. डी सिका त्याच वर्षी नोव्हेंबरात वारला. कासिलिओ 2012 च्या एप्रिलमध्ये रोममध्ये निवर्तली. घरकामगारांना इतर कामगारांच्या बरोबरीचे हक्क देणारा आंतरराष्ट्रीय श्रमसंघटनेचा 189 क्रमांकाचा करार त्याआधी वर्षभर, 2011 मध्ये, जिनीव्हा येथे संमत झाला होता. इटलीने त्याला मान्यता दिली 2013 च्या जानेवारीत.